बटणं करणारी कुंभारीण

मुलांनो, पुढे वाचण्याआधी एक काम करा. तुमच्या शर्टाचं किंवा फ्रॉकचं एखादं बटण नीट बघा. अगदी निरखून बघा. (मान जरा वाकडी करावी लागेल, पण चालेल!) आपण रोज ही बटणं लावतो, काढतो, खेळताना तोडतो आणि मग आईची बोलणी खातो. पण बटणाकडे असं बघत मात्र कधी नाही. खरं की नाही?

आजची आपली गोष्ट बटणांची आहे. फक्त ही बटणं प्लास्टिकची नाहीत, मातीची आहेत. आणि ती करणारी बाई होती एक कुंभारीण. कुंभाराच्या घरात मात्र ती जन्मली नव्हती. ती होती एका नामांकित डॉक्टरांची मुलगी. तिने केलेली वाडगी आणि बाटल्या आज मोठमोठ्या संग्रहालयांत काचेच्या कपाटांत बसलेली आहेत. पण आयुष्याची काही वर्षं तिने मुख्यतः बटणं केली. हजारो बटणं! का बरं केली असतील? आणि त्यात तिचा वेळ फुकट गेला का? चला, बघू या.

तिचं नाव ल्युसी री.

चाक भेटलं

ऑस्ट्रिया या देशाची राजधानी व्हिएन्ना. तिथे १६ मार्च १९०२ रोजी ल्युसीचा जन्म झाला. वडील डॉ. बेंजामिन गोम्पर्ट्स हे कान-नाक-घशाचे डॉक्टर. घर खातंपितं, सुशिक्षित. सुट्टीत ल्युसी आयझेनश्टाट या गावी आजोळी जायची. तिच्या मामाला जुन्या वस्तू जमवण्याचा नाद होता. जमिनीतून निघालेली रोमन काळातली मातीची भांडी त्याच्याकडे होती. दीड-दोन हजार वर्षांपूर्वी कुणीतरी हातांनी घडवलेलं भांडं आपल्या हातात धरायचं, ही काय मजा असेल, कल्पना करा.

१९२२ साली ल्युसीने व्हिएन्नाच्या कलाशाळेत नाव घातलं. तिथे तिने कुंभाराचं चाक फिरताना पाहिलं आणि तिचं ठरूनच गेलं. आता हेच! मिखाएल पोवोल्नी नावाच्या शिक्षकांच्या हाताखाली ती शिकू लागली.

आपल्या गावातला कुंभार तुम्ही पाहिला असेल. काठीने चाकाला गती देतो, मातीचा गोळा मधोमध बसवतो आणि बघता बघता त्यातून मडक्याचं तोंड वर येतं. बघताना किती सोपं वाटतं! पण एकदा करून बघा. गोळा चाकाच्या बरोबर मध्यावर बसला नाही, तर तो डुगडुगतो, हाताला हिसके देतो आणि शेवटी चाकावरून उडून तुमच्या कपड्यांवर येतो. गोळा मधोमध आणण्यातच शिकणाऱ्याचे कितीतरी दिवस जातात.

ल्युसीला चाकाइतकीच आवड लागली ती ग्लेझची. ग्लेझ म्हणजे भांड्यावरची ती काचेसारखी झिलई. चहाच्या कपाला असते ना, तीच. आपला माठ साधारण सातशे ते नऊशे अंश सेल्सिअसला भाजतात. त्याच्या अंगात बारीक बारीक छिद्रं राहतात, त्यातून पाणी पाझरतं, ते वाऱ्याने वाळतं आणि म्हणून माठातलं पाणी गार होतं. पण दूध किंवा आमटी ठेवायची तर पाझरणारं भांडं कसं चालेल? मग त्यावर ग्लेझ देतात. ग्लेझमध्ये वाटलेली खनिजं असतात. भट्टीत ती वितळतात आणि गार झाल्यावर भांड्यावर काचेचा पातळ थर बसतो.

यातली गंमत अशी, की ग्लेझ लावताना जो रंग दिसतो तो भाजल्यावर राहत नाही. कोबाल्टची काळी पूड भट्टीतून निळी होऊन बाहेर येते. तांब्याची काळी पूड हिरवी होते. लोखंडाची पूड कधी मधासारखी पिवळसर, कधी तपकिरी. म्हणजे रंगवणाऱ्याला डोळ्यांनी दिसणाऱ्या रंगावर विसंबून चालत नाही. मागच्या वेळी काय मिसळलं होतं, किती मिसळलं होतं, भट्टी किती तापली होती, हे सगळं लिहून ठेवावं लागतं. ल्युसी वहीत नोंदी ठेवायची. ही सवय तिने जन्मभर सोडली नाही.

१९२६ साली तिचं हान्स री यांच्याशी लग्न झालं. व्हिएन्नातल्या राहत्या घरातच तिने आपलं काम मांडलं. तिच्या घरासाठी एर्न्स्ट प्लिश्के नावाच्या तरुण वास्तुरचनाकाराने अक्रोडाच्या लाकडाची सुरेख कपाटं, टेबलं, स्टुलं करून दिली होती. हे फर्निचर लक्षात ठेवा हं, ते गोष्टीत पुन्हा येणार आहे. हळूहळू ल्युसीचं नाव होऊ लागलं. १९३७ साली पॅरिसच्या आंतरराष्ट्रीय प्रदर्शनात तिला रौप्यपदक मिळालं. सगळं कसं छान चाललं होतं.

घर सोडावं लागलं

आणि मार्च १९३८ मध्ये हिटलरचं सैन्य ऑस्ट्रियात घुसलं.

ल्युसी ज्यू कुटुंबातली होती. हिटलर आणि त्याचे नाझी ज्यू लोकांचा द्वेष करत. कालपर्यंत ज्यांच्याशी बोलणं-चालणं होतं, त्या शेजाऱ्यांसमोर ज्यू माणसांचा अपमान होऊ लागला. त्यांची दुकानं, नोकऱ्या, घरं हिसकावली जाऊ लागली. जे जाऊ शकले ते देश सोडून गेले. जे राहिले त्यांतल्या असंख्य लोकांना पुढे ठार मारण्यात आलं. मुलांनो, ही गोष्ट ऐकायला बरी वाटत नाही. पण ती खरी आहे आणि माहीत असायला हवी. आई-बाबांना विचारा, ते आणखी सांगतील.

१९३८ मध्येच ल्युसी आणि हान्स लंडनला आले. हान्स तिथून पुढे अमेरिकेला गेले. ल्युसी लंडनलाच राहिली. १९४० साली दोघांचं लग्नही मोडलं.

आता ल्युसीचं वय छत्तिशीच्या पुढे होतं. भाषा नवी. पॅरिसचं रौप्यपदक होतं, पण लंडनमध्ये ते विचारतो कोण? इथे तिचं नावसुद्धा कुणाला माहीत नव्हतं. घर गेलं, गाव गेलं, माणसं पांगली. बरोबर काय आलं? चाकावर तयार झालेले दोन हात. आणि हो, ते अक्रोडाचं फर्निचर! तेही तिने लंडनला आणलं.

इथून पुढे आपण तिला ल्युसीबाई म्हणू या. स्वतःच्या बळावर पुन्हा उभं राहणाऱ्या माणसाला अहो-जाहो करायला हवं.

लंडनच्या हाइड पार्कजवळ एक छोटीशी गल्ली आहे, आल्बियन म्यूज. म्यूज म्हणजे पूर्वी श्रीमंतांचे घोडे आणि गाड्या ठेवायची जागा. खाली तबेला, वर गाडीवानाची खोली. अशाच एका घरात ल्युसीबाईंनी १९३९ साली बिऱ्हाड केलं. घर नंबर १८. खाली काम, वर राहणं. पुढची पन्नासहून अधिक वर्षं, अगदी शेवटपर्यंत, त्या तिथेच राहिल्या.

बटणांचं मॅचिंग

त्याच वर्षी दुसरं महायुद्ध पेटलं. धातू तोफांना आणि विमानांना लागत होता, बटणांना कुठून मिळणार? पण कपडे तर शिवायलाच हवेत आणि त्यांना बटणंही हवीत. व्हिएन्नाहूनच आलेले ल्युसीबाईंचे एक परिचित, फ्रिट्झ लाम्पल, लंडनमध्ये काचेची बटणं करत. त्यांच्याकडून ल्युसीबाईंना काम मिळालं. मग त्या स्वतः मातीची बटणं करू लागल्या. युद्ध संपल्यावर तर त्यांच्या घराचा बटणांचा कारखानाच झाला. मदतीला माणसं ठेवावी लागली. त्यांतली बरीचशी त्यांच्यासारखीच देश सोडून आलेली होती.

मातीचं बटण कसं करतात? प्लास्टरचा साचा करायचा. त्यात मातीचा चिमूटभर गोळा दाबायचा. दोरा ओवायला भोकं ठेवायची किंवा मागे कडी करायची. वाळलं की ग्लेझ द्यायचं आणि भट्टीत भाजायचं. ल्युसीबाईंची काही बटणं फुलासारखी होती, काही गाठ मारलेल्या दोरीसारखी, काही शिंपल्यासारखी, काही साधी गोल.

पण खरी कसोटी पुढेच होती. बटणं घेणारे होते उंची कपडे शिवणारे मोठे शिंपी. ते कापडाचा तुकडा घेऊन येत आणि म्हणत, या रंगाची बटणं द्या.

तुमची आई ब्लाउजपीस घ्यायला साडी घेऊन मॅचिंग सेंटरमध्ये जाते, तेव्हा तुम्ही कधी बरोबर गेला आहात? दुकानदार एकामागून एक पंधरा ठाणं काढतो. आई दारात उजेडाला जाऊन बघते आणि म्हणते, "नाही हो, ही जरा जांभळ्याकडे झुकतेय." आता विचार करा, त्या दुकानदाराकडे पंधरा ठाणं तयार असतात. ल्युसीबाईंना मात्र प्रत्येक छटा स्वतः जन्माला घालायची होती. तीही काळ्या-करड्या पुडींतून, भट्टीच्या आत, जिथे डोकावून बघता येत नाही! कणभर कोबाल्ट जास्त पडलं, की आकाशी रंगाचा गडद निळा झाला. करा पुन्हा.

अशी त्यांनी वर्षानुवर्षं बटणं केली. रौप्यपदक मिळवलेल्या कलावतीने शिंप्यांसाठी बटणं करावीत, याचं त्यांना वाईट वाटलं असेल का? वाटलंही असेल. पण पोट भरायचं होतं, आणि काम हातात घेतलं की ते नीटच करायचं, हा त्यांचा स्वभाव होता. या बटणांनी त्यांना एक गोष्ट शिकवली, जी कुठल्या कलाशाळेत शिकवत नाहीत. भट्टीत रंगांचं काय होतं, याची त्यांना अशी काही जाण आली, की पुढे त्यांच्या भांड्यांवर जे गुलाबी, पिवळे, निळे रंग उमटले, त्यांना तोड नव्हती.

जाड की पातळ?

आता गोष्टीत एक मोठा माणूस येतो. त्यांचं नाव बर्नार्ड लीच.

इंग्लंडमधले सगळ्यांत मानाचे कुंभार कोण, असं त्या काळी विचारलं असतं तर लोकांनी लीच यांचंच नाव सांगितलं असतं. त्यांचा जन्म हाँगकाँगचा, १८८७ सालचा. अनेक वर्षं ते जपानमध्ये राहिले, तिथेच मातीकाम शिकले. १९२० साली हामादा शोजी या जपानी मित्राला बरोबर घेऊन त्यांनी इंग्लंडच्या टोकाला, समुद्राकाठच्या सेंट आइव्हज गावात आपली भट्टी उभारली. १९४० साली त्यांनी मातीकामावर एक पुस्तक लिहिलं. कित्येक कुंभारांना ते पुस्तक गुरूच्या जागी होतं. लीच यांच्या मते भांडं कसं असावं? दणकट, भरीव, रोजच्या वापरातलं, मातीचं मातीपण दाखवणारं.

आणि ल्युसीबाईंची भांडी कशी? पातळ. कागदासारखी नव्हेत, पण हातात घेतल्यावर वाटावं, अरे, एवढं हलकं? खाली लहानशी बैठक आणि वर उमललेलं तोंड.

लीच यांनी ती पाहिली आणि त्यांना ती फार नाजूक वाटली. त्यांनी तसं सांगितलं.

आपल्याकडे गोरोबाकाकांची गोष्ट सांगतात ना? सगळे संत जमले होते. मुक्ताबाईने विचारलं, काका, यातलं कच्चं मडकं कोणतं? गोरा कुंभारांनी थापटणं घेतलं आणि एकेकाच्या डोक्यावर थापट मारत निघाले. नामदेवांना मार सोसला नाही, ते रागावले. काका म्हणाले, हे मडकं कच्चं. नामदेवांनी ते मनावर घेतलं, गुरू केला आणि ते पक्के झाले.

ल्युसीबाईंनीही लीच यांचं बोलणं मनावर घेतलं. एवढा जाणता माणूस सांगतो म्हणजे आपलंच चुकत असणार. त्या जाड, भक्कम भांडी करू लागल्या. लीच करत तशी. पण ती काही केल्या जमेनात. भांडी तयार होत होती, फुटत नव्हती, गळत नव्हती. तरी त्यात जीव नव्हता. कसा असणार? दुसऱ्याच्या अक्षराची नक्कल करून निबंध लिहिल्यासारखं ते होतं. अक्षर त्याच्यासारखं येत नाही आणि आपलंही बिघडतं.

हिटलरने घर घेतलं, पण हात घेता आले नव्हते. आता मात्र ल्युसीबाई स्वतःच आपले हात विसरायला निघाल्या होत्या. तेही एका चांगल्या माणसाच्या चांगल्या सल्ल्यामुळे!

हान्स कोपर

१९४६ साली बटणं दाबायच्या कामासाठी एक तरुण आला. वय सव्वीस. नाव हान्स कोपर. (आपल्या हाताचं कोपर नव्हे बरं का! पण योगायोग असा, की चाकावर गोळा मध्यावर आणताना कोपर घट्ट टेकवून धरावं लागतं.) तो जर्मनीचा. त्याचे वडील ज्यू होते. नाझींच्या छळामुळे तोही पळून इंग्लंडला आला होता. पण युद्धाच्या काळात इंग्रज सरकारने जर्मनीतून आलेल्यांना शत्रू समजून कोंडलं आणि त्यालाही धरून थेट कॅनडाच्या छावणीत पाठवलं. हिटलरपासून पळालेला माणूस हिटलरचा माणूस म्हणून कैदेत! तिथून सुटून तो परत आला होता.

त्याने आयुष्यात कधी मातीकाम केलं नव्हतं. त्याला मूर्तिकार व्हायचं होतं. पण ल्युसीबाईंना त्याच्यात काहीतरी दिसलं. त्यांनी त्याला चाकाची वाट दाखवली आणि हा पठ्ठ्या असा शिकला, की थोड्याच काळात चाकावर त्याचा हात बसला. दोघं मिळून कॉफीचे कप, किटल्या, बशा, वाडगी करू लागली. त्या भांड्यांच्या तळाशी दोघांचे शिक्के असत. ल्युसीबाई मालकीण आणि तो नोकर, असं राहिलंच नाही.

आणि याच हान्सने ल्युसीबाईंना सांगितलं, की ही जाड भांडी तुमची नव्हेत. तुमची ती पातळ भांडीच खरी. तुम्ही तुमच्या पद्धतीनेच करा.

मुलांनो, जरा विचार करा. एकीकडे देशातला सगळ्यांत मोठा कुंभार. दुसरीकडे कालपरवा चाकावर बसलेला एक मुलगा. कुणाचं ऐकायचं? ल्युसीबाईंनी त्या मुलाचं ऐकलं. तो लहान होता म्हणून नाही की लीच मोठे होते म्हणून नाही. आपण केलेली दोन्ही प्रकारची भांडी समोर ठेवून बघितली, तर खरं काय ते दिसतच होतं. त्या पुन्हा आपल्या हाताकडे वळल्या.

सुई, स्प्रिंग आणि ज्वालामुखी

मग काय, कामाला बहर आला. १९४८ साली त्यांनी मोठी विजेची भट्टी घेतली. तापमान सुमारे १२५० अंश सेल्सिअस. पाणी शंभर अंशांना उकळतं, त्यावरून अंदाज करा!

बहुतेक कुंभार ग्लेझची भांडी दोनदा भाजतात. आधी नुसतं भांडं, मग त्यावर ग्लेझ देऊन पुन्हा. ल्युसीबाई एकदाच भाजत. कच्च्या, वाळलेल्या भांड्यावरच त्या कुंचल्याने ग्लेझ देत. हे धोक्याचं. कच्च्या मातीला पाणी लागलं, की ती मऊ पडते आणि भांडं हातातच कोसळू शकतं. पण साधलं, तर माती आणि ग्लेझ एकाच आचेत एकजीव होतात.

त्यांच्या करामती तर किती! एव्हबरी इथल्या संग्रहालयात त्यांनी हजारो वर्षांपूर्वीची भांडी पाहिली. त्यांवर रेघा ओरखडलेल्या होत्या आणि शेजारी पक्ष्यांची हाडं ठेवली होती. त्या हाडांनीच त्या रेघा काढलेल्या. ल्युसीबाईंनी हाडाऐवजी सुई घेतली आणि भांड्यावरच्या गडद थरातून केसासारख्या बारीक रेघा ओढल्या. खालचा फिका रंग त्या रेघांतून दिसू लागला.

कधी त्या चाकावर दोन वेगळ्या रंगांची माती एकत्र चढवत. चाक फिरतं, हात वर जातो, आणि दोन्ही रंग स्प्रिंगसारखे गोल गोल वळत भांड्याच्या गळ्यापर्यंत चढतात. कुंचला न लावता नक्षी तयार!

आणि कधी ग्लेझमध्ये सिलिकॉन कार्बाइड हा पदार्थ घालत. धार लावायच्या दगडात असतो तोच. भट्टीत त्यातून वायूचे बुडबुडे निघतात, ते फुटतात आणि भांड्यावर चंद्राच्या पृष्ठभागासारखे खड्डे राहतात. या ग्लेझला ज्वालामुखी ग्लेझच म्हणतात. एरवी ग्लेझला बुडबुडा आला तर भांडं बिघडलं म्हणायचं. ल्युसीबाईंनी ते बिघडणंच भांड्याचं रूप करून टाकलं.

हान्स कोपर १९५८ पर्यंत त्यांच्याकडे होता. मग त्याने स्वतंत्र काम मांडलं आणि तोही फार मोठा कलावंत झाला. त्याची भांडी ल्युसीबाईंसारखी मुळीच नाहीत. तो १९८१ साली गेला, तोवर दोघांची मैत्री कायम होती.

चंद्रासारखं भांडं

तुम्ही विचाराल, मग लीच यांच्याशी भांडण झालं का? छे! त्यांचीही मैत्री टिकली. लीच यांनी १९३५ साली कोरियात एक जुनं मोठं पांढरं भांडं विकत घेतलं होतं. दोन वाडगी तोंडाला तोंड लावून जोडायची, असं ते करतात. म्हणून ते अगदी वाटोळं नसतं, किंचित कलतं असतं, आणि तरीही पौर्णिमेच्या चंद्रासारखं दिसतं. त्याला चंद्रघटच म्हणतात. युद्धाच्या काळात लीच यांनी ते ल्युसीबाईंकडे ठेवायला दिलं. पुढे त्यांच्या स्टुडिओत ते बघितल्यावर लीच यांना वाटलं, की याची जागा इथेच आहे. ते तिथेच राहिलं. ल्युसीबाईंच्या मागे ते लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये गेलं. एखाद्याची पद्धत पटली नाही, तरी त्याच्या हाताचा मान ठेवता येतो, हे त्या भांड्याकडे बघून कळतं.

मानसन्मानही आले, पण उशिरा. लंडनमध्ये त्यांच्या आजवरच्या सगळ्या कामाचं मोठं प्रदर्शन १९६७ साली भरलं, तेव्हा त्या पासष्ट वर्षांच्या होत्या. १९९१ साली त्यांना 'डेम' हा किताब मिळाला. पुरुषांना 'सर' म्हणतात ना, तसाच हा स्त्रियांचा. पण घरी आलेल्या पाहुण्याला त्या आधी स्वतः केलेला केक आणि कॉफी देत आणि मग भांडी दाखवत. प्राण्यांवरच्या फिल्म्स करणारे डेव्हिड अॅटनबरो यांना त्यांची भांडी फार आवडत. १९८२ साली ते त्यांच्यावर फिल्म करायला आले. ऐंशी वर्षांच्या, पांढऱ्याशुभ्र कपड्यांतल्या या चिमुकल्या बाई वरून उघडणाऱ्या खोल भट्टीत कमरेपर्यंत वाकून तळाची भांडी काढताना त्यात दिसतात!

आणि बटणं? ती कुठे गेली? १९८९ साली जपानचे प्रसिद्ध वेशरचनाकार इसे मियाके यांनी ल्युसीबाईंच्या जुन्या बटणांचा आपल्या नव्या कपड्यांसाठी उपयोग केला. त्याच वर्षी त्यांनी जपानमध्ये ल्युसीबाईंच्या भांड्यांचं प्रदर्शनही भरवलं. पोटासाठी केलेली ती बटणं चाळीसएक वर्षांनी पुन्हा झळकली.

१९९० साली आजारपणाने ल्युसीबाईंचं चाक थांबलं. १ एप्रिल १९९५ रोजी त्या गेल्या. वय होतं त्र्याण्णव. त्यांचं ते अक्रोडाचं फर्निचर आठवतंय ना? ते परत व्हिएन्नाला, तिथल्या फर्निचरच्या संग्रहालयात गेलं. जिथून निघालं होतं तिथेच, साठएक वर्षांनी.

आता तुमची पाळी

गणपतीच्या वेळी मिळणारी शाडूची माती थोडी आणा. कणकेसारखी मळा. लिंबाएवढा गोळा घ्या, मधोमध अंगठा रुतवा आणि गोळा फिरवत फिरवत चिमटीने कडा पातळ करत जा. झाली वाटी! तुमच्या ताईला, दादाला किंवा मित्रालाही तशीच एक करायला सांगा. माती एकच, आकार एकच. सावलीत दोन-तीन दिवस वाळू द्या. (घरच्या गॅसवर भाजायला जाऊ नका, फुटेल, आणि शाडूच्या वाटीत पाणीही घालू नका, विरघळेल.) मग दोन्ही वाट्या शेजारी ठेवून बघा. त्या सारख्या दिसतात का? तुमची कोणती, हे आईला न सांगता ओळखता येतं का?

उरलेल्या मातीचं एक बटणही करा. दोन भोकं पाडायला विसरू नका.

आणि आई-बाबांनो, वाटी जाड झाली, वाकडी झाली, तर लगेच सरळ करून देऊ नका. आधी ज्याची आहे त्याला नीट बघू द्या.

काय काय झालं ते मला पत्राने जरूर कळवा. पुढच्या आठवड्यात भेटूच!